अकरा ते पाच

७ जानेवारी, मंगळवार

दवाखान्याच्या गाडीतून येणाऱ्या प्रतिभा सिस्टरने आज मला एक वही दिली. तिच्यात गोळीची वेळ आणि दुखण्याचा आकडा लिहायचा. दुखणं शून्यापासून दहापर्यंत मोजतात हे मला सदुसष्टाव्या वर्षी कळलं. शून्य म्हणजे काही नाही, दहा म्हणजे सोसवत नाही. आकडा माझ्या बायकोने, भागाबाईने, सांगायचा आणि मी लिहायचा. चौतीस वर्षं तहसील दफ्तरात दुसऱ्याने सांगितलेलंच लिहीत आलो, तेव्हा हे काम मला जमेल असं सिस्टरला म्हणालो. ती हसली नाही.

ती वही सरकारी. आपल्या मनातलं तिच्यात लिहिता येत नाही, म्हणून कपाटातली ही कोरी डायरी काढली.

भागाबाईचा कॅन्सर गर्भाशयातून हाडांत उतरला आहे. हैदराबादच्या मोठ्या डॉक्टरांनी नोव्हेंबरात सांगितलं की आता बरं करायचं औषध नाही, दुखू न द्यायचं आहे आणि ते घरीच मिळेल. तेव्हापासून इथल्या सरकारी दवाखान्याची गाडी दर मंगळवारी मावल्याला, तेलुगू मुलखातल्या आमच्या या गावात, दारात येते. मॉर्फिनच्या गोळ्या ठरल्या वेळेला द्यायच्या, वेळ चुकवायची नाही. मुलगा हर्षदीप पुण्याला नोकरीत आहे, तो रविवारी फोन करतो. बाकी घरात आम्ही दोघं आणि थंडी.

सकाळी चार, संध्याकाळी चार.

९ जानेवारी, गुरुवार

आज माझ्या बायकोने माझ्याकडे मरण मागितलं.

वाचणाऱ्याला वाटेल ती रडली असेल, ओरडली असेल. तसं काही नाही. मी तिच्या पायांना तेल लावत होतो. ती म्हणाली, "हर्षदीपचे बाबा, तुमी साऱ्या तालुक्याचे कामं करून देल्ले. माह्यं एक काम करून द्या."

"कोणतं?"

"मले सोडवा यातून. गोळ्या हायेत ना तुमच्यापाशी."

मी म्हणालो, "पाहतो." टेबलासमोर उभ्या राहणाऱ्या माणसाला मी जन्मभर हेच उत्तर दिलं. तो जसा हलत नसे तशी तीही माझ्याकडे पाहत राहिली. मग मी तेलाची बाटली ठेवायला उठलो आणि स्वयंपाकघरात बराच वेळ उगाच उभा राहिलो.

लग्नाला एक्केचाळीस वर्षं झाली. भागाबाई मागणाऱ्यातली नाही. मागितलं ते हे.

बिना हुकुमाचं मी कधी कोणाच्या फाइलीतलं पान उलटलं नाही. असल्या कामाचा हुकूम कोण देतं ते उद्या विचारायला हवं.

१० जानेवारी, शुक्रवार

कोर्टाजवळ सुरज वकिलाकडे गेलो. तो नोटरी आहे. त्याच्या वडिलांच्या जमिनीचे हरवलेले कागद मी शोधून दिले होते, म्हणून अजून खुर्ची देतो. मी म्हणालो, एका ओळखीच्यासाठी विचारायला आलो आहे. तो म्हणाला, "काकू कशा हायेत?"

त्याने सांगितलं ते असं. मरण देणं आपल्या देशात गुन्हा आहे, बायकोने मागितलं आणि नवऱ्याने दिलं तरी. पण सुप्रीम कोर्टाच्या निकालाप्रमाणे माणूस शुद्धीवर असताना लिहून ठेवू शकतो की पुढे मला मशीनवर जगवत ठेवू नका. दोन साक्षीदार, नोटरीची मुहर, आणि एक नक्कल स्थानिक ऑफिसात जमा.

"म्हणजे तिनं मागतलं ते हे नाई," मी म्हणालो. ओळखीचा माणूस गेला उडत.

"नाई काका. हे येगळं."

वेगळं तर वेगळं. पण साक्षीदार, मुहर, नक्कल हे शब्द कानावर पडले आणि दोन महिन्यांत पहिल्यांदा आपल्याला करता येण्यासारखं काही आहे असं वाटलं. मसुदा तिथेच बसून लिहिला. अकराला निघालो होतो, साडेपाचला घरी आलो. दोनची गोळी शेजारच्या मथुराबाईंनी दिली आणि त्या भाजीचं टोपलं घेऊन बाजारात गेल्या. त्यांनाही त्यांचा धंदा आहे.

संध्याकाळी आठ. गोळी पुरत नाही असं दिसतं.

१४ जानेवारी, मंगळवार

संक्रांत. ऑफिसं बंद, दवाखान्याची गाडीही नाही. समोरच्या तेलुगू बायकांनी रस्ताभर मुग्गू घातलेत. रांगोळीच ती, पण आपल्याकडच्यापेक्षा दहापट मोठी. भागाबाईची खाट मी दारापाशी ओढली. दिवसभर ती पडल्या पडल्या त्या बायकांच्या चुका काढत होती. कोपऱ्यातल्या घरचीचा एक ठिपका चुकला, तो तिला दुपारी चारपर्यंत पुरला.

जेवणानंतर मी तिला मसुदा वाचून दाखवला.

"यानं काय होते?"

"यानं तुले मशीन लावता येत नाई."

"आपल्या घरी कोणतं मशीन हाय? मिक्सर?"

मला हसू आलं, मग तिलाही आलं. हसताना कमरेत कळ गेली तरी हसत राहिली. सही केली. मथुराबाई आणि त्यांचे यजमान साक्षीदार झाले. उद्या-परवा वकील मुहर घेऊन घरी येतो म्हणाला आहे.

सकाळी तीन, संध्याकाळी तीन. गोळी तीच. या दुखण्याचं काही कळत नाही.

१७ जानेवारी, शुक्रवार

नक्कल जमा करायला गेलो. ऑफिसचं नाव लिहीत नाही, त्या टेबलावर मीही असतो तर तेच केलं असतं. असा काही कागद असतो हेच तिथल्या बाबूला माहीत नव्हतं. त्याने तो उलटसुलट केला आणि म्हणाला, "सारू, रेपु." म्हणजे साहेब, उद्या. सरकारी काम आणि सहा महिने थांब, ही म्हण आमच्यासारख्यांनीच पाडली. मला राग आला नाही. उलट त्याला समोर बसवून टिपण कसं मांडायचं ते सांगितलं. कोणीतरी मागून "डोमाजी साहेब" म्हणून हाक मारली. चहा झाला. जुन्या जमीन-बंदोबस्ताच्या गोष्टी निघाल्या.

फार दिवसांनी बरं वाटलं. आणि घराकडे वळावंसं वाटेना. हे लिहायला नको होतं, पण लिहून झालं.

संध्याकाळी आठ. मी विचारायच्या आधीच तिने सांगितला.

२१ जानेवारी, मंगळवार

गाडी आली. आज डॉक्टरसाहेबही होते. ते तेलुगू, माझ्याशी हिंदी बोलतात. मी वही पुढे केली. त्यांनी संध्याकाळचे आकडे पाहून डोस वाढवला. दोनची गोळी चुकते का, असं सिस्टरने विचारलं. मी म्हणालो, मथुराबाई घड्याळ पाहून देतात, एक दिवस खंड नाही.

"आणि त्या गेल्यावर?"

"त्या गेल्यावर ही झोपते."

सिस्टरने भागाबाईकडे पाहिलं. भागाबाई म्हणाली, "हाव, झोपते."

डॉक्टर गाडीकडे जाताना मी त्यांच्या मागे गेलो आणि विचारलं की साहेब, एखाद्याने या गोळ्या जास्त दिल्या तर. ते थांबले. म्हणाले, "अंकल, हमको दर्द को मारना है, मरीज़ को नहीं." मग विचारलं की हे तुमच्या मनात आलं की त्यांनी मागितलं. मी म्हणालो, सहज, माहितीसाठी. त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, माणूस मरण मागतो तेव्हा आधी बघावं की त्याला नेमकं काय सोसवत नाही. ते मी बघतोच आहे. वही कशासाठी लिहितो मग.

२६ जानेवारी, रविवार

झेंडावंदनाचा आवाज शाळेतून येत होता. हर्षदीपचा फोन आला. "आई कशी आहे?" "ठीक आहे." "तुम्ही?" "ठीक आहे." दोन ठीक झाले की आमच्याकडे बोलायला काही उरत नाही. फोन तिच्या कानाला लावला तर ती त्याला स्वेटर घालत जा म्हणाली.

दिवसभर आकडा दोन. डोस वाढवल्याचा गुण म्हणावा तर बुधवारी, गुरुवारी, शुक्रवारी आठच होता. सुट्टीच्या दिवशी दुखणंही सुट्टीवर जातं की काय. तिला हे सांगितलं. ती हसली नाही.

२९ जानेवारी, बुधवार

नकलेसाठी ऑफिसात परत गेलो. साहेब मीटिंगला. आठ.

३ फेब्रुवारी, सोमवार

आज ती भांडली. मी बाहेर जायला चप्पल घालत होतो.

"कागदाचे घोडे नाचवून राह्यले तुमी. काऊन जाता रोज? मी मेल्यावर लावसान ते कागद मले."

"तुह्याचसाठी जाऊन राह्यलो ना."

"चौतीस वर्षं अकरा वाजले की निंगून गेले. तवा मले वावर होतं, पोरगं होतं, बाया होत्या. आता काय हाय या खोलीत? वरतं तो पंखा हाय. त्याच्याकडं पाहून पाहून मी येडी होऊन राह्यली."

मी म्हणालो, पंखा नको असेल तर उतरवून ठेवतो, थंडीत तसाही लागत नाही. तिने डोळे मिटले. अगदी हळू म्हणाली, "सोडवा मले. तुमच्यानं होत नसन तं तसं सांगा. मी कोणाले तरी दुसऱ्याले म्हणन."

कोणाला म्हणणार आहे ती.

मी गेलोच. तारीख दिली होती. संध्याकाळी नऊ. पंखा उतरवला, आता तिथे नुसता हूक आहे.

११ फेब्रुवारी, मंगळवार

आठ दिवस काही लिहिलं नाही, कारण जे मनात होतं ते लिहिण्यासारखं नव्हतं. आता ठरलं आहे, म्हणून लिहितो.

मी तिचं काम करणार आहे.

लहानपणापासून पंचशील म्हणतो आहे. पाणातिपाता वेरमणी, मी जीवहत्या करणार नाही, हे पहिलंच. आमच्या वस्तीत कोणी गेलं की पुढे बसून म्हणणारा मीच. पण माणसाला रोज आठ-नऊ आकड्यात ठेवणं यात हिंसा नाही का, याचं उत्तर मला कुठे सापडत नाही. कायदा नाही म्हणतो, डॉक्टर नाही म्हणतात, शील नाही म्हणतं. हो म्हणणारी एकटी तीच, आणि दुखतं तिलाच. पुढे माझं काय होईल ते होवो. तुरुंगातही वह्या लिहायला माणूस लागतच असेल.

उद्या माघ पौर्णिमा. पौर्णिमेला नको. परवा.

गाडी आली होती. मी सिस्टरच्या डोळ्याला डोळा दिला नाही. तिने विचारलं, "काका, तुमी दिवसा कुठी असता?" मी म्हणालो, कामात.

१३ फेब्रुवारी, गुरुवार

सगळं जसं झालं तसं लिहितो.

अकरा वाजले तरी मी कपडे केले नाहीत. तिने विचारलं, "आज जायचं नाई काय?"

"नाई. आज तुह्यं काम करतो."

तिला समजलं. म्हणाली, "मंग आत्ताच नको. दिवस जाऊ द्या." मी खुर्ची खाटेजवळ ओढून बसलो. गेल्या तीन महिन्यांत मी त्या खुर्चीवर तेल लावायला आणि आकडा विचारायला सोडून बसलो नव्हतो, हे बसल्यावर लक्षात आलं.

तिचे केस विंचरले. नखं काढली. ती वर हुकाकडे बोट करून म्हणाली, "पंखा काऊन काढला? निदान पाहायले तरी होता." मग लहानपणच्या कापूस वेचणीचं सांगू लागली. मालकाच्या वावरात तिच्या आईने एका हातात पोर धरून दुसऱ्या हाताने कसा कापूस वेचला ते. ही गोष्ट मी एक्केचाळीस वर्षांत ऐकली नव्हती. मी विचारलं, मला कधी सांगितली नाहीस. म्हणाली, "तुमी घरी कधी होते?" रागाने नाही म्हणाली. दोन चमचे मऊ भात खाल्ला. दुपारी माझा हात धरून झोपली आणि मला हात सोडवता येईना, म्हणून तसाच बसून राहिलो.

साडेपाचला मी गोळ्यांचा डबा आणला. खाटेवर ठेवला, पाण्याचा गिलास ठेवला. थोडं पाणी चादरीवर सांडलं. तिने डब्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"उद्या कुठी जाणार हाय?"

"उद्या? उद्या कुठी जाऊ. घरीच राहीन."

"मंग उद्या पाहू," ती म्हणाली आणि कूस बदलायला मदत मागितली.

मी डबा कपाटात ठेवला आणि मोरीत जाऊन रडलो. सुटल्यासारखं वाटलं, आणि कळलं काहीच नाही. दुखणं तेच, गोळी तीच, कागद ऑफिसात तिथेच. मग तिने टाळलं काऊन?

संध्याकाळी तीन.

१७ फेब्रुवारी, सोमवार

शुक्रवार, शनिवार, रविवार मी घरीच होतो आणि तिन्ही दिवस "उद्या पाहू" झालं. आज नकलेसाठी तारीख होती. ती म्हणाली, "जा." मी गेलो. साहेब रजेवर.

आलो तर ती भिंतीकडे तोंड करून. नऊ. म्हणाली, "डबा आणा. आज आणा."

मला राग आला. मी ओरडलो. "परवा नाई म्हनली, आज आन म्हनते. तुले काय पायजे ते एकदा ठरव." मरणाच्या दारात असलेल्या बाईवर मी ओरडलो. डबा मी आणला नाही, ती पुन्हा मागतही बसली नाही. आता झोपली आहे किंवा तसं दाखवते आहे.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

सिस्टर आली. नऊचा आकडा पाहून तिने वही घेतली आणि ओसरीवर बसून पहिल्या पानापासून चाळली. मग पेन्सिल मागितली. पेन्सिलने काही आकड्यांभोवती गोल करत गेली.

"काका, हे पाहा. आठ, आठ, आठ, नऊ. हे सारे कामाचे दिवस. अन् हे तीन, तीन, दोन. संक्रांत, रविवार, सव्वीस जानेवारी. अन् हे मागचे चार दिवस, तुमी घरी होते ते."

"दुखणं काय कॅलेंडर पाहून येते?" मी म्हणालो.

"दुखणं रोजचंच हाय. पण एकट्या माणसाले ते जास्त लागते. तुमी अकराले जाता, पाचले येता. मधी त्या फक्त छताकडं पाहतात."

मला अपमान वाटला. तीस वर्षांच्या पोरीने माझ्या हातच्या नोंदीतून माझी चूक काढावी. मी म्हणालो, मी मजा मारायला जात नाही, तिच्याच कागदासाठी जातो. ती म्हणाली, "मले मालूम हाय काका." वही माझ्या हातात दिली. गाडीत बसताना वळून म्हणाली की त्या कागदाची घाई नाही, मशीन कोणी लावणार नाही, ते आम्ही पाहू.

२० फेब्रुवारी, गुरुवार

आज मी जे केलं ते या डायरीशिवाय कोणाला सांगण्यासारखं नाही.

सिस्टरचं म्हणणं खरं की खोटं, हे तपासून पाहावं असं मला वाटलं. नोंदीवर शंका आली तर मोक्यावर, म्हणजे जागेवर जाऊन पाहणी करायची, ही आमची पद्धत. काल दिवसभर घरी राहिलो. आकडा तीन. आज अकराला निघालो, काम काही नव्हतं. बसस्टँडवर जाऊन बाकावर बसलो. बासरची बस लागली, गेली. मंचेरियलची लागली, गेली. कापसाच्या गाड्या गेल्या. मी घड्याळ पाहत बसलो. पाच वाजता उठून घरी आलो.

"आठ," ती म्हणाली. मग विचारलं, "झालं काम?"

मी हो म्हणालो.

एक दिवस. तिच्याजवळ उरलेले दिवस किती ते माहीत नाही, त्यातला एक मी बसस्टँडवर बसून तपासणीत घालवला.

आणि खरं असं आहे की मला हे आधीपासून माहीत असावं. कागद हे निमित्त. मला तिच्याजवळ बसवत नव्हतं. ती कण्हायला लागली की अकरा कधी वाजतात असं व्हायचं. तिने मरण मागितलं तेव्हाही मी ते घेऊन ऑफिसात पळालो. भित्रा माणूस आहे मी. चौतीस वर्षं त्याला लोक नियमाने चालणारा म्हणाले.

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

तिला सांगितलं, आजपासून कुठे जात नाही.

"काऊन? नोकरी गेली?"

"हाव. काढून टाकलं."

"बरं झालं," ती म्हणाली आणि सरकून खाटेवर माझ्यासाठी वीतभर जागा केली.

पंखा परत बसवला.

२ मार्च, रविवार

घरी बसल्याने कॅन्सर पळाला असं कोणी समजू नये. चार असतो, पाच असतो, परवा सात होता तेव्हा सिस्टरला फोन केला, तिने येऊन डोस वाढवला. दुखतं तेव्हा खरंच दुखतं. काल तिने पुन्हा एकदा मागितलं. मी या वेळी उठलो नाही. म्हणालो, "ते माह्याच्यानं होणार नाई, भागा. पण मी इथून हालत नाई."

"ते दिसून राह्यलं," ती म्हणाली.

हे तिला पुरलं की नाही मला सांगता येत नाही. पुरलं असं लिहिलं तर मला बरं वाटेल, म्हणून लिहीत नाही. तिचं मागणं मी नाकारलं, हे माझ्या नावावर राहील.

बाकी दिवस जातात. ती बोलते, मी ऐकतो. माझ्या आईने तिला पहिल्या वर्षी कसं छळलं ते ऐकलं. हर्षदीपच्या आधी एक बाळ पोटातच गेलं, त्या दिवशीही मी गिरदावर साहेबासोबत जमिनीच्या पाहणीला गेलो होतो. मला ते आठवत होतं, पण ती दारापर्यंत चालत येऊन बसली होती हे माहीत नव्हतं. मी म्हणालो, माझं चुकलं. म्हणाली, "आता कायले. ऐका फक्त."

६ मार्च, गुरुवार

काल दुपारी दोन वाजून दहा मिनिटांनी भागाबाई गेली.

दोन दिवस गिळता येत नव्हतं. सिस्टर सकाळ-संध्याकाळ येऊन कातडीखाली सुई देत होती. काल सकाळची सुई दिल्यावर म्हणाली, काका, आज जवळच राहा. मी होतोच. शेवटचा आकडा तिने परवा सांगितला, दोन. काल विचारलं तर नुसता हात दाबला, तो मी वहीत कसा लिहिणार. रकाना कोरा ठेवला.

श्वास लांब लांब होत गेला. मी त्रिसरण म्हणायला सुरुवात केली, दुसऱ्यांसाठी इतक्यांदा म्हटलं, पण मध्येच विसरलो. मग नुसतंच "इथंच हाओ मी" म्हणत राहिलो. मथुराबाई आल्या तेव्हा सगळं झालं होतं.

हर्षदीप आज पहाटे पोचला. गोळ्यांमुळे गेली का, असं त्याने सिस्टरला विचारलं. सिस्टर म्हणाली, आजाराने गेल्या, गोळ्यांनी त्यांना शेवटपर्यंत तुमच्या बाबांशी बोलू दिलं. तिने उरलेल्या गोळ्या मोजून परत घेतल्या आणि माझी सही घेतली. माझा हात स्थिर होता.

१७ मार्च, सोमवार

हर्षदीप ८ तारखेला, शनिवारी पुण्याला गेला. चला म्हणत होता. मी म्हणालो, पुढे पाहू.

सकाळ निघून जाते. भाजी, आंघोळ, पेपर. अकरा वाजले की घर एकदम गप्प होतं. शेजारी कामाला जातात, मथुराबाईंच्या दाराला कडी लागते, शाळेची घंटा होते आणि मग काही नाही. मी खाटेवर आडवा होतो. तिच्या उशीवर डोकं ठेवलं की तोच पंखा दिसतो, त्याच्या एका पात्यावर जळमट आहे. दोन वाजेपर्यंत मी शंभरदा दाराकडे पाहतो. तीन ते चार हा तास सरत नाही. आज दहा दिवस झाले. तिने असे किती दिवस काढले ते वहीत आहे, माझ्याच अक्षरात.

साडेतीनला ऑफिसातून फोन आला. तोच बाबू, आपली बोलीही बोलतो. फार आनंदात होता. म्हणाला, सारू, तुमचा कागद नोंदला गेला, आपल्याकडचा हा पहिलाच, साहेबांनी सही केली. आत्ताच येऊन नोंदीची नक्कल घेऊन जा.

मी म्हणालो, दुपारी मला घर सोडता येत नाही.

"काऊन? घरी कोणी बिमार हाय काय?"

मी म्हणालो, "नाई. घरी कोणी नाई."